खेळ सुटल्यावर उरणारी नजर

खेळाडूचं वय फार लवकर होतं. बरोबरीची मुलं नोकरीत नुकती स्थिरावत असतात, तेव्हा याचे गुडघे कुरकुरायला लागतात आणि पुढं काय, हा प्रश्न दारात येऊन उभा राहतो. काहीजण अशा वेळी माइक हातात घेतात. त्यांचा हा दुसरा डाव मला पहिल्याइतकाच मोलाचा वाटतो.

वाशीमसारख्या गावात क्रिकेट डोळ्यांच्या आधी कानांनी आलं. कसोटीचं मैदान नागपूरला, इथून दोनशे किलोमीटरच्याही पलीकडे. मैदान दाखवलं ते रेडिओनं. बाळ ज. पंडित महाराष्ट्राकडून रणजी खेळलेले, आणि मराठीतल्या धावत्या समालोचनाची वाट पाडणाऱ्यांपैकी एक. रेडिओवर चित्र नसतं. चेंडू कुठं पडला, कुठं वळला, क्षेत्ररक्षक कोणत्या पायावर होता, हे सगळं शब्दांतच उभं करावं लागतं, तेही पुढचा चेंडू पडायच्या आत. ज्याच्या हातांनी स्वतः चेंडू झेलले आहेत, त्याला हे शोधावं लागत नाही.

पण नुसतं खेळलेलं असणं पुरत नाही. संजय मांजरेकरांकडे पाहा. १९८९ मध्ये लाहोरला २१८ धावा, त्या पाकिस्तान दौऱ्यात चार कसोटींत ५६९. कसोटीपटू विजय मांजरेकरांचा मुलगा, निर्दोष तंत्र. अपेक्षा आभाळाला भिडल्या होत्या. प्रत्यक्षात १९९६ पर्यंत ३७ कसोटी, २०४३ धावा, चार शतकं, आणि कारकीर्द संपली. आपल्या तंत्राची नको इतकी चिरफाड करत बसलो, हे त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. फलंदाज म्हणून त्या सवयीनं त्यांना छळलं. समालोचक म्हणून तीच कामी आली. फलंदाजाचं डोकं कुठं कललं, पाय का अडकला, हे त्यांना चटकन दिसतं. त्यांची काही मतं बोचरी असतात, सगळी मला पटतातच असं नाही. पण ती पाहून बनवलेली असतात, ऐकून नव्हे.

अमेरिकेतला, तिथल्या फुटबॉलमधला क्रिस कॉलिन्सवर्थही याच जातीचा. फ्लोरिडा विद्यापीठात तो आला क्वार्टरबॅक म्हणून, म्हणजे चेंडू फेकणारा, आणि घडला रिसीव्हर, तो झेलणारा. १९८१ ते १९८८ सिनसिनाटी बेंगॉल्सकडून खेळला आणि पुढं दूरचित्रवाणीवरचा तिथला मोठा समालोचक झाला. रिसीव्हरला धावता धावता बचाव वाचावा लागतो: कोण माझ्यावर आहे, मोकळी जागा कुठं होणार आहे. पाय थांबले तरी हे वाचन थांबत नाही.

हीच नजर मी आमच्या वाशीम जिल्ह्यात पाहिली आहे. सोयाबीन निघालं की गावोगावी कबड्डीचे सामने भरतात. फक्कीच्या रेषा, बांबूला बांधलेले दिवे, रात्री उशिरापर्यंत गर्दी. मालेगाव तालुक्यातल्या अशाच एका सामन्यात माइकवर एक जुना चढाईपटू होता, गुडघ्यामुळं खेळ सुटलेला. चढाई सुरू होती, सगळ्यांचे डोळे चढाई करणाऱ्यावर, आणि हा म्हणाला, "डाव्या कोपऱ्याकडं पाहा, पाय पुढं घेतलाय त्यानं." दुसऱ्याच क्षणी त्या कोपऱ्यातल्या बचावपटूनं घोटा धरला. पकड व्हायच्या आधी ती त्याला दिसली होती. आसपासची पोरं पुढच्या चढाईला कोपऱ्याकडं पाहायला लागली. प्रेक्षक असा घडतो.

बहुतेक ठिकाणी मात्र माइक देणगीदारांची नावं वाचणाऱ्याच्या हाती असतो. नावं जरूर वाचावीत, त्यांच्यामुळंच सामने होतात. पण सामना सुरू झाला की माइक खेळलेल्या माणसाला द्या. तालुक्यात असे खेळाडू आहेत. एखादा शेतात असेल, एखादा टपरीवर. मंडळांनी त्यांना मानानं बोलवावं, मानधन द्यावं आणि पत्रिकेत बक्षिसांच्या रकमेसोबत समालोचकाचं नावही छापावं.