लिलाव कुणाचा, दार कुठले?

पाया लेबारला आम्ही राहतो ते घर ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याचे. सिंगापुरातली बहुतेक मंडळी अशाच घरांतून राहतात आणि त्याचे कुणाला फारसे काही वाटत नाही. पण गावाकडच्या दोन-सव्वादोन एकरांचा विषय निघू द्या, याच मंडळींचा आवाज चढतो! गेल्या वर्षी आमचाही चढला, कारण आमच्या जमिनीच्या लिलावाची नोटीस लागली.

हकीकत थोडक्यात अशी. गट एकच, सातबाऱ्यावर नावे आमच्या चुलतभावाचे, मातोश्रींचे आणि आमचे. वाटप झालेले नाही. चुलतभावाने एका पतसंस्थेचे कर्ज काढले, ते थकले आणि जप्ती लागली ती सबंध गटावर. नोटीस मात्र त्याच्या एकट्याच्या नावाची. पुतण्याचा फोन आला, "काका, दिवाणी कोर्टात दावा ठोकू, लगेच स्टे मिळेल." तालुक्याच्या वकीलसाहेबांनी त्याला थांबवले आणि एकच प्रश्न विचारला, "लिलाव करतंय कोण?"

मंडळी, सगळी गोम या प्रश्नात आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ९ सांगते की कायद्याने मनाई नसेल तर दिवाणी स्वरूपाचा कुठलाही दावा दिवाणी कोर्ट चालवू शकते. पण ही मनाई कायद्याकायद्यांत लपलेली असते. आम्ही पडलो इंजिनियर, तेव्हा कागद घेऊन सरळ फ्लो-चार्टच काढला.

लिलाव कोर्टाच्या हुकूमनाम्यावरून झाला असेल, तर तो रद्द करायला वेगळा दावा चालत नाही. त्याच कोर्टात ६० दिवसांच्या आत अर्ज द्यायचा. सहकारी संस्थेच्या वसुलीचा असेल, तर १९६० च्या महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचे कलम १६३ आडवे येते. लिलावातली गफलत किंवा लबाडी ३० दिवसांत वसुली अधिकाऱ्यापुढेच मांडायची. बँकेने २००२ च्या सरफेसी कायद्याखाली कारवाई केली असेल, तर कलम ३४ मुळे दिवाणी कोर्टाचे दार बंद. ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरण गाठायचे. सहकारी बँकांनाही हा कायदा वापरता येतो, हे ५ मे २०२० रोजी सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने ठरवले. तो खटला होता कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या सहकारी बँकेचा. तारण शेतजमीन असेल तर सरफेसी लागत नाही, एवढाच काय तो दिलासा.

गंमत पाहा. १८७५ साली पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकरी सावकारांवर उठले, खतपत्रे जाळली. तेव्हा राग होता तो दिवाणी कोर्टावरही. सावकार एकतर्फी हुकूमनामे मिळवत आणि त्यांच्या जोरावर जमिनी जात. म्हणून १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने कोर्टाला सांगितले, की नुसते खत पाहू नका, व्यवहाराच्या मुळाशी जा. आज दीडशे वर्षांनी त्याच कोर्टाचे दार बंद झाले म्हणून आपण हळहळतो!

पण एक प्रश्न असा आहे की तो वसुली करणाऱ्यांच्या हाती पूर्णपणे सोपवता येत नाही. जमीन मुळात कर्जदाराची होती का? २००४ च्या मार्डिया केमिकल्सच्या निकालात सुप्रीम कोर्टाने, कर्ज देणाऱ्याने लबाडी केल्याचा आरोप असेल तर दिवाणी कोर्टाला थोडी वाट ठेवली. जानेवारी २०२५ मध्ये सेंट्रल बँक ऑफ इंडियाच्या एका खटल्यात तर ते आणखी स्पष्ट झाले. त्यात एका बाईंचे म्हणणे असे, की वाटप न होताच दिराने जमीन विकली आणि घेणाऱ्याने ती बँकेकडे गहाण टाकली. विक्री आणि गहाण बेकायदा ठरवून मागणे हे दिवाणी कोर्टाचेच काम, असे न्यायमूर्तींनी म्हटले.

आमच्या प्रकरणात उपयोगी पडला सहकारी नियमावलीचा १०७ वा नियम. जप्त मालमत्तेत आपला हक्क आहे असे म्हणणाऱ्या तिऱ्हाइताने आधी वसुली अधिकाऱ्याकडे हरकत द्यायची. ती फेटाळली तर सहा महिन्यांत दिवाणी दावा लावून हक्क सिद्ध करायचा. वकीलसाहेबांनी मातोश्रींची आणि आमची हरकत दिली. ती फेटाळली गेली, लिलावही झाला. दावा मुदतीत दाखल आहे. चुलतभावाचा हिस्सा वाचेल असे वाटत नाही आणि त्याचे दुःख आहेच, कारण बांध एकच होता. मातोश्रींची मागणी साधी आहे, "माझ्या नावचं तेवढं मला द्या."

आपल्यापैकी कितीतरी जणांची नावे अशा सामाईक सातबाऱ्यांवर आहेत आणि घरांना कुलपे आहेत. नोटीस कुलपाला वाचून दाखवता येत नाही, पण मुदत चालू होते. डिजिटल सहीचा सातबारा आता इथे बसून काढता येतो. दर तीन महिन्यांनी तो काढावा आणि 'इतर अधिकार' या रकान्यात बोजा चढलाय का ते पाहावे. गावातल्या एका विश्वासू माणसाकडे मुखत्यारपत्र ठेवावे. शक्य असेल तर वडीलधारी मंडळी आहेत तोवर वाटप करून घ्यावे. आणि नोटीस आलीच, तर कुठलेही दार ठोठावण्याआधी विचारावे, "लिलाव करतंय कोण?"