गुणाढ्याची जळलेली पोथी

ज्या पोथीचें एक पानही आज कोणाच्या हातीं नाहीं, तिच्याविषयीं लिहावयाचें म्हणजे वाचकांस थोडें विचित्र वाटेल. परंतु गुणाढ्याच्या ‘बृहत्कथे’चा प्रकार तसाच आहे. ती पैशाची भाषेंत होती, दण्डी व बाण यांना ती ठाऊक होती, आणि पुढें ती लुप्त झाली, एवढें विद्वानांस मान्य आहे. ती लिहिली कशी गेली व जळाली कशी, याची हकीकत मात्र सोमदेवानें ११ व्या शतकांत काश्मीरची राणी सूर्यवती हिच्या मनोरंजनार्थ रचलेल्या ‘कथासरित्सागरां’त येते. ही हकीकत सर्वस्वीं कल्पित आहे. तथापि आम्हांस ती कित्येक खऱ्या इतिहासांहून अधिक बोधप्रद वाटत आली आहे.

तिचें स्थळही आम्हांस परकें नाहीं. आम्ही मूळचे सोलापूर-तुळजापूर रस्त्यावरील तामलवाडीचे. गुणाढ्य ज्या सातवाहन राजाच्या पदरीं होता त्याची राजधानी पैठण. आणि पहिल्या शतकांतील ‘पेरिप्लस’ या ग्रीक पुस्तकांत पैठणच्या जोडीनें ज्या तगर नगराचा उल्लेख येतो, तें आजचें तेर आमच्याच धाराशिव जिल्ह्यांत आहे.

आतां ती हकीकत. राजा राण्यांसह जलक्रीडा करीत असतां पाण्याच्या माऱ्यानें थकलेली एक राणी संस्कृतांत म्हणाली कीं, उदकानें मारूं नका. ‘मा’ आणि ‘उदकैः’ यांचा संधि होऊन ‘मोदकैः’ झालें, आणि महाराजांनीं तत्काळ मोदक आणविले! राणी हंसली, राजानें लाजेनें अंथरूण धरलें. त्यास व्याकरण शिकविण्यास गुणाढ्यानें सहा वर्षें मागितलीं. शर्ववर्मा म्हणाला, सहा महिने पुरेत. तसें घडल्यास आपण संस्कृत, प्राकृत व देशी या तिन्ही भाषा सोडूं, अशी पैज गुणाढ्यानें लावली आणि तो ती हरला. मग विंध्याच्या अरण्यांत पिशाचांची भाषा शिकून त्यानें सात वर्षांत ७ लक्ष श्लोकांची कथा लिहिली. शाई नव्हती म्हणून स्वतःच्या रक्तानें.

त्या कथेंतील सृष्टि विद्याधरांची. ते आकाशांतून फिरतात, रूपें पालटतात. आणि नरवाहनदत्त नांवाचा मनुष्य राजपुत्र अखेर त्यांचा चक्रवर्ती होतो. आम्हां शिक्षकांस यांत एक मौज वाटते. त्या जगांत जादूला ‘विद्या’ म्हणतात. ती साधावी लागते. आणि ताठा चढून कोणीं मर्यादा सोडली तर शाप लागून तो विद्याधर मनुष्यलोकीं येऊन पडतो.

हा ताठा प्रथम राजालाच चढावा! शिष्यांनीं पोथी पुढें ठेवली, तेव्हां कांहीं वर्षांपूर्वीं ज्यास ‘मोदकैः’चा अर्थ कळत नव्हता, तोच राजा नाक मुरडून म्हणाला कीं, भाषा पिशाचांची आणि अक्षरें रक्ताचीं, धिक्कार असो! गुणाढ्यानें डोंगरावर अग्नि पेटविला. एकेक पान पशुपक्ष्यांस वाचून दाखवावें आणि ज्वाळेंत टाकावें. हरणें, डुकरें, रानरेडे चरणें सोडून, डोळ्यांत पाणी आणून ऐकत राहिले. इकडे राजाच्या ताटांतील मांस शुष्क होऊं लागलें व तो आजारी पडला. आचाऱ्यांनीं पारध्यांस दोष दिला, आणि पारध्यांनीं खरें कारण सांगितलें. राजास काव्याची ओढ नव्हती. जेवणांत उणें पडलें तेव्हां तो डोंगर चढला. तोंवर ६ लक्ष श्लोक जळाले होते. नरवाहनदत्ताची १ लक्षाची कथा काय ती उरली.

कथा वांचली हें खरेंच. सोमदेवाप्रमाणें क्षेमेन्द्रानेंही ती संस्कृतांत आणली. बुधस्वामीचा पाठ नेपाळांत सांपडून लाकोत या फ्रेंच पंडितानें १९०८ पासून छापण्यास आरंभ केला. संघदासगणीच्या प्राकृत ‘वसुदेवहिंडी’मध्यें तिचें जैन रूप आहे. परंतु गुणाढ्याचे स्वतःचे शब्द यांत कोठेंच नाहींत. पैशाचीचे व्याकरणकारांनीं जपलेले तुटपुंजे नमुने तेवढे शिल्लक आहेत. कथा निसटली आणि भाषा जळाली.

कोजागिरीस तुळजापुरास पायीं जाणारे यात्रेकरू रात्रभर आमच्या गांवावरून जात, तेव्हां आमची आजी ओट्यावर बसून उडत्या घोड्यांच्या गोष्टी सांगे. तिची बोली कानडी व दखनी शब्दांनीं भरलेली असे. त्याच गोष्टी आज आम्ही नातवंडांना शुद्ध मराठींत सांगतों. मुलें ऐकतात, पण हरणांनीं चरणें सोडावें असें त्यांत कांहीं राहिलेलें नाहीं.

विद्यामद हा नवशिक्यांचा रोग आहे, आणि आम्ही इंग्रजी शिकलेले लोक पिढ्यान् पिढ्या नवशिकेच राहिलों आहों. गेल्या वर्षीं आम्हीं वर्गास घरांतील वृद्धांची एकेक गोष्ट त्यांच्याच शब्दांत लिहून आणावयास सांगितलें. एका खेड्यांतल्या विद्यार्थ्यानें भीत भीत विचारलें, “सर, आजी चुकीचे शब्द वापरते. ते सुधारून लिहूं ना?” आम्हीं म्हटलें, “एकही सुधारूं नकोस.” त्याची वही आली, तींतील सात शब्द आम्हांस कोशांत सांपडले नाहींत. ते समजून घेण्यास आम्ही या सुटींत त्याच्या आजीकडे जाणार आहों.