वारसा आणि दाखला

२०१९ सालच्या फेब्रुवारीतली गोष्ट. नॉर्वेत दहावीच्या मुलांना पुढील शिक्षणाचा अर्ज १ मार्चपर्यंत भरावा लागतो. ओस्लोतल्या आमच्या घरी त्या अर्जाची चर्चा मी मनातल्या मनात कधीच संपवून टाकली होती. मुलगा सामान्य शाखेत जाईल, तिथून विद्यापीठात, आणि पुढे माझ्यासारखा अभियंता होईल, नाहीतर त्याच्या आईच्या इच्छेप्रमाणे डॉक्टर. जेवण संपत आले असताना तो म्हणाला, “बाबा, मी व्यवसायशिक्षणाला जाणार आहे. मला प्लंबर व्हायचंय.”

माझ्या हातातला घास हातातच राहिला. मी जे बोललो ते इथे लिहावेसे वाटत नाही. पत्नी एवढेच म्हणाली, “अहो, त्याचं ऐकून तरी घ्या.” मी ऐकून घेतले नाही.

माझ्या रागाचे मूळ समजण्यासाठी माझ्या वडिलांविषयी सांगायला हवे. आम्ही त्यांना दादा म्हणतो. दादांनी एका नगरपालिकेच्या ड्रेनेज खात्यात एकतीस वर्षे काढली. तुंबलेल्या चेंबरमध्ये उतरायचे, बांबूने नि हाताने गाळ काढायचा, घरी आले की अंगणातच दोन बादल्या पाण्याने अंघोळ करायची आणि मगच उंबरठा ओलांडायचा. हातमोजे कागदोपत्री येत, हातात येत नसत. निवृत्तीच्या वेळी मुकादमाने घरी एक अर्ज आणून दिला. महाराष्ट्रात लाड-पागे समितीच्या शिफारशींनुसार सफाई कामगाराच्या वारसाला त्याच्या जागी नोकरी मिळते, त्याचा तो अर्ज होता. त्या तरतुदीवर असंख्य कुटुंबे जगली आहेत, हे मी विसरत नाही. पण दादांनी तो अर्ज घडी करून चुलीत घातला. म्हणाले, “माझ्याकडून तुला काहीही घे, हे घेऊ नकोस.” मी तेव्हा पॉलिटेक्निकच्या दुसऱ्या वर्षाला होतो. पुढे पदवी, नोकरी आणि २००७ साली नॉर्वे, हा सगळा प्रवास त्या जळालेल्या कागदापासून सुरू झाला, असे मी मानत आलो आहे. आणि आता दादांचा नातू पुन्हा सांडपाण्याच्या पाइपांकडे निघाला होता.

दोन दिवस घरात कोणी कोणाशी धड बोलले नाही. तिसऱ्या दिवशी मुलगा शांतपणे म्हणाला, “बाबा, आपलं शहर कोण चालवतं, ठाऊक आहे ना? तोसुद्धा प्लंबरच आहे.”

रेमंड योहान्सेन हे नाव मला अर्थातच ठाऊक होते. २०१५ पासून ते ओस्लोचे नगरशासनप्रमुख होते. त्यांचे मूळ शिक्षण मात्र मला माहीत नव्हते. मी मुलाचे म्हणणे खोडून काढण्याच्या इराद्यानेच त्यांची कारकीर्द वाचायला बसलो. पुढची पाच वर्षे ती कारकीर्द आणि माझ्या मुलाचे शिक्षण माझ्या नजरेसमोर शेजारीशेजारी चालत राहिले.

योहान्सेन यांचा जन्म १९६१ सालचा. ते शिक्षणाने प्लंबर. राजकारणाची सुरुवात त्यांनी समाजवादी डाव्या पक्षातून केली आणि नंतर ते मजूर पक्षात आले. येन्स स्टोल्टेनबर्ग यांच्या पहिल्या सरकारात, २००० ते २००१ या काळात, ते परराष्ट्र मंत्रालयात राज्यसचिव झाले. नॉर्वेतले हे पद मंत्र्याच्या खालोखालचे आणि राजकीय स्वरूपाचे असते. आपल्याकडच्या राज्यमंत्र्याशी त्याची ढोबळ तुलना करता येईल. सरकार गेले, तेव्हा त्यांनी निर्वासितांसाठी काम करणाऱ्या नॉर्वेजियन निर्वासित परिषदेचे महासचिवपद सांभाळले. २००५ साली स्टोल्टेनबर्ग पुन्हा सत्तेवर आले आणि योहान्सेन त्याच मंत्रालयात परतले. २००९ पर्यंत ते तिथे होते. पाना फिरवायला शिकलेला माणूस आपल्या देशाच्या वतीने परदेशी सरकारांशी वाटाघाटी करतो, याचे त्या देशात कुणालाही नवल वाटलेले दिसत नाही. नवल मला वाटत होते.

२००९ साली ते मजूर पक्षाचे सचिव झाले. पक्षसचिव म्हणजे पक्षाची यंत्रणा चालवणारा माणूस. त्याच पदावर असताना २२ जुलै २०११ चा दिवस उजाडला. शासकीय इमारतींजवळचा बॉम्बस्फोट आणि उतोया बेटावर मजूर पक्षाच्या युवक शिबिरावरचा गोळीबार मिळून सत्त्याहत्तर जणांचा बळी गेला. त्यांपैकी एकोणसत्तर उतोयावरचे, आणि त्यांतली बहुतेक कोवळ्या वयाची मुले. तीन दिवसांनी ओस्लोच्या नगरभवनासमोर हातात गुलाब घेऊन लोक जमले, त्यात मीही होतो. आठ वर्षांचा मुलगा माझ्या खांद्यावर बसला होता. आपल्याच पक्षाची मुले गमावलेल्या संघटनेला सावरण्याचे काम ज्यांच्या वाट्याला आले, त्यांत योहान्सेन होते. त्या संध्याकाळी मला त्यांचे नावही माहीत नव्हते.

ओस्लोचा कारभार आपल्या महापालिकांपेक्षा वेगळा चालतो. आपल्याकडे शहराची खरी सूत्रे राज्य सरकारने नेमलेल्या आयुक्ताच्या हाती असतात. ओस्लोत १९८६ पासून संसदीय पद्धत आहे. नागरिक एकोणसाठ सदस्यांचे नगरमंडळ निवडतात आणि त्या मंडळाचा विश्वास असेपर्यंतच मंत्रिमंडळासारखे एक नगरशासन काम करते. महापौर वेगळा असतो. तो नगरमंडळाचा अध्यक्ष आणि शहराचा मानाचा प्रतिनिधी. खरा कारभार नगरशासनप्रमुख पाहतो. २०१५ च्या निवडणुकीनंतर अठरा वर्षांची उजव्या पक्षांची सत्ता संपली आणि मजूर पक्ष, हरित पक्ष व समाजवादी डावा पक्ष यांचे नगरशासन आले. मारियाने बोर्गेन महापौर झाल्या, आणि कारभार योहान्सेन यांच्याकडे आला.

त्यांच्या काळात जे झाले ते आम्ही रोजच्या जगण्यात पाहिले. शहराच्या मध्यभागातून मोटारी हटवण्यासाठी रस्त्यांवरच्या सुमारे सातशे पार्किंगच्या जागा काढल्या गेल्या आणि तिथे सायकलमार्ग व बाक आले. पैशाच्या अंदाजपत्रकाबरोबरच कर्बवायूचे अंदाजपत्रक मांडायला सुरुवात झाली. कोणत्या खात्याने किती उत्सर्जन कमी करायचे, याचा दरवर्षी हिशेब. २०१९ साली ओस्लो युरोपची हरित राजधानी ठरली. पण सगळेच खूश होते असे नाही. घरांवर मालमत्ता कर आला तेव्हा माझ्या शेजाऱ्यांनी बोटे मोडली. टोलवाढीच्या विरोधातून उभा राहिलेला एक पक्ष २०१९ मध्ये नगरमंडळात निवडून आला. तरीही त्या निवडणुकीनंतर योहान्सेन पदावर राहिले.

त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मुलाचे व्यवसायशिक्षण सुरू झाले. १ मार्चचा अर्ज त्याने स्वतः भरला होता. मी परवानगी दिली नाही आणि अडवलेही नाही. साधारण दोन वर्षे शाळा, त्यानंतर दोन ते अडीच वर्षे प्रत्यक्ष कामावर पगारी उमेदवारी, आणि शेवटी कारागिरीची परीक्षा, असा तो क्रम असतो. पहिले सहा महिने मी त्याला शाळेविषयी एक प्रश्नही विचारला नाही. आज त्याची लाज वाटते.

मग कोरोना आला. नोव्हेंबर २०२० मध्ये योहान्सेन यांनी शहर जवळपास बंद केले. देशात इतरत्र नव्हते इतके कडक निर्बंध ओस्लोवर आले आणि ते महिनोन् महिने चालले. आम्ही राहतो त्या पूर्वेकडच्या भागात लागण अधिक होती. तिथे बसचालक, सफाई कामगार, वृद्धांची शुश्रूषा करणारे लोक राहतात, आणि त्यांत आमच्यासारखे स्थलांतरित बरेच आहेत. घरून काम करण्याची सोय मला होती, त्यांना नव्हती. श्रमाला मान देणाऱ्या देशातही कोणते काम कोणाच्या वाट्याला येते, हा प्रश्न उरतोच, हे त्या हिवाळ्यात मी पाहिले.

जून २०२१ मध्ये त्यांचे नगरशासन कोसळले, आणि निमित्त होते पाण्याचे. ओस्लोचे सुमारे नव्वद टक्के पिण्याचे पाणी मारिदालच्या तळ्यातून येते. एकाच स्रोतावर एवढे मोठे शहर अवलंबून असणे धोक्याचे, म्हणून होल्सफ्योर्डमधून पाणी आणण्याचा प्रचंड प्रकल्प हाती घेतलेला आहे. त्याचा खर्च वाढत असल्याची माहिती नगरमंडळाला वेळेवर दिली नाही, या कारणावरून पर्यावरण व वाहतूक खात्याच्या प्रमुख लान मारी बर्ग यांच्याविरुद्ध अविश्वास ठराव मंजूर झाला. योहान्सेन यांनी आपल्या सहकाऱ्याला एकटे जाऊ दिले नाही. संपूर्ण नगरशासनाने राजीनामा दिला. पुढे त्यांनीच नवे नगरशासन बनवले, त्यात बर्ग नव्हत्या. मी मुलाला विचारले, “यात चूक कोणाची?” तो म्हणाला, “पाइप गळतो यात लाज नाही, बाबा. गळतोय हे माहीत असून भिंत रंगवली, तर ती चूक.” शाळेत त्याला हेच शिकवले होते. त्या दिवशी प्रथमच मी त्याच्याशी त्याच्या कामाविषयी तासभर बोललो.

त्या उन्हाळ्यात आम्ही दोघे मारिदालला फिरायला गेलो. त्या तळ्यात पोहायला मनाई आहे, तसा फलक काठावर आहे. मी तो वाचत उभा राहिलो. ती मनाई सर्वांना सारखीच आहे, आणि त्या पाण्याचा घोट सर्वांच्या घरी सारखाच पोचतो. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या तळ्यावर बाबासाहेबांनी ओंजळीने जे पाणी घेतले, त्याची कथा मी मुलाला लहानपणापासून सांगत आलो होतो. यावेळी त्याने मला सांगितले, की ते पाणी तळ्यापासून आमच्या चौथ्या मजल्यापर्यंत नेमके कसे येते.

मग मला माझी चूक उमगू लागली. जातिव्यवस्थेने नुसती कामे वाटली नाहीत, माणसेच वाटली आणि एकावर एक रचली, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच मांडून ठेवले आहे. दादांनी चुलीत घातला तो गटाराच्या कामाचा कागद नव्हता. ते काम जन्माबरोबर मुलाच्या नावे लिहून ठेवणारा वारसा त्यांनी जाळला होता. मी मात्र वारसा आणि काम एकच समजून बसलो. जे काम आपल्यावर लादले गेले, त्याचीच घृणा करायला शिकलो, आणि ती घृणा नकळत दादांच्या हातांपर्यंत पोचत होती. नॉर्वेचे पंतप्रधानपद मिळून सतरा वर्षे भूषवणारे आणि त्याआधी ओस्लोचे महापौर झालेले आइनार गेरहार्डसेन एकेकाळी रस्त्यावरचे कामगार होते. योहान्सेन प्लंबर. या दोघांनाही आपले मूळ काम लपवावे लागले नाही, कारण ते काम त्यांची ओळख ठरवत नव्हते, आणि कुणी त्यांना तिथे बांधूनही ठेवले नव्हते. शिकून काम हाती घेण्याची मोकळीक आणि ते सोडून दुसरीकडे जाण्याची मोकळीक, या दोन्ही एकत्र असल्या तरच श्रमाला प्रतिष्ठा आहे, असे म्हणता येते.

२०२३ च्या सप्टेंबरात मतदारांनी उजव्या पक्षाला कौल दिला. ऑक्टोबरमध्ये आइरिक ले सोल्बर्ग यांनी कारभार हाती घेतला आणि आठ वर्षांनी योहान्सेन पायउतार झाले. २०२४ मध्ये ते नॉर्वेजियन जनसाहाय्य या कामगार चळवळीतून उभ्या राहिलेल्या संस्थेचे महासचिव झाले. युद्ध संपलेल्या भूमीतले सुरुंग काढण्याचे काम ही संस्था अनेक देशांत करते.

त्याच वर्षी वसंत ऋतूत मुलाची परीक्षा झाली. कामाचा आराखडा आधी लिहून द्यायचा, मग ते काम परीक्षकांच्या देखरेखीखाली स्वतःच्या हातांनी करायचे, आणि शेवटी आपले काय चुकले तेही स्वतःच सांगायचे. तो उत्तीर्ण झाला. संध्याकाळी आम्ही दादांना व्हिडिओ कॉल लावला. ही गोष्ट मी पाच वर्षे त्यांच्यापासून लपवली होती. नातू ‘तांत्रिक शिक्षण’ घेतो, एवढेच त्यांना सांगितले होते. मुलाने दाखला कॅमेऱ्यासमोर धरला आणि सरळ सांगितले, “आजोबा, मी प्लंबर झालो.”

दादा बराच वेळ काही बोलले नाहीत. मग त्यांनी विचारले, “हातमोजे देतात का रे तिथं?”

मुलाला त्या प्रश्नातले काही कळले नाही. तो आत गेला, कामाची पिशवी घेऊन आला आणि एकेक वस्तू दाखवू लागला. दोन प्रकारचे हातमोजे, शिरस्त्राण, बूट, डोळ्यांवरचा चष्मा. दादा एकेक पाहत मान हलवत राहिले. “चांगले आहेत,” ते म्हणाले. “रोज घालत जा.”

परदेशी राहणाऱ्या आपल्या कुटुंबांत ‘शिका’ या शब्दाचा अर्थ आपण फार अरुंद करून ठेवला आहे काय, असा प्रश्न मला आता पडतो. मुलगा उद्या हे काम सोडून विद्यापीठात जाईल, नाहीतर योहान्सेन यांच्यासारखा नगरमंडळाच्या वाटेने जाईल, किंवा आयुष्यभर प्लंबरच राहील. तिन्ही वाटा त्याला मोकळ्या आहेत. दादांना एकही नव्हती. त्यांनी तो अर्ज जाळला, तो बहुधा एवढ्याचसाठी.