आडनावाची शेवटची दोन अक्षरं

धर्माबाद

चि. गजानन,

लेकराचं नाव ‘नील’ ठेवायचं ठरलं, फार छान झालं. सूनबाईंना सांग, नाव मला आवडलं. पण तू नावाचा अर्थ विचारलास आणि त्याच दमात, जाता जाता, लिहिलंस की जन्मदाखल्यावर आडनावातलं ‘वार’ गाळायचा विचार आहे. विचारायचं ते या दुसऱ्या गोष्टीबद्दल विचारायला हवं होतंस. अण्णा असते तर तू हे असं एका ओळीत उरकलं नसतंस. रागावून म्हणत नाही, पण तेव्हापासून दुसरं काही सुचत नाही.

नीलचं आधी सांगतो. संस्कृतात नील म्हणजे निळा, आणि रामाच्या वानरसेनेत नील नावाचा सेनापती आहे. तिकडे आयर्लंडात जवळपास हाच उच्चार ‘नीअल’ या जुन्या गेलिक नावातून आला. त्याचा अर्थ कुणी वीर सांगतं, कुणी ढग, आणि अभ्यासकांचं अजून एकमत नाही. नील आर्मस्ट्राँगचं नाव त्या वळणाचं. ‘तारा’ आपल्याकडे आकाशात, आयर्लंडात ती जुन्या राजांची टेकडी. चीनमधलं ‘ली’ म्हणजे आलुबुखाऱ्याचं झाड, इंग्लंडातलं ‘ली’ रानातल्या मोकळ्या जागेवरून आलेलं. नाव जितकं आखूड, तितक्या जास्त भाषांत ते सापडतं, कारण एक-दोन अक्षरांत बसणारे उच्चार मोजकेच आणि भाषा हजारो. म्हणून ‘नील’चा अर्थ काय, याला नुसतं उत्तर देता येत नाही. ही हाक कुठल्या घरात, कुठल्या मुलखात मारली जाते ते आधी सांगावं लागतं, आणि ते सांगण्याचं काम आडनावाचं. आखूड नावाला माझी मुळीच हरकत नाही. पण नाव आखूड ठेवलंस म्हणजे सगळा भार आडनावावर आला, आणि तू नेमकं तेच कापायला निघालास!

‘वार’ ही उगाच चिकटलेली दोन अक्षरं नव्हेत, बाबा. तेलुगूत ‘वारु’ म्हणजे ती मंडळी, तेही आदराने. अमुक ‘वारि इल्लु’ म्हणजे अमुकांचं घर. ‘अण्णा आले’ म्हणताना आपण एकट्या माणसाला अनेकवचन लावतो, तोच मान तेलुगू माणूस घराण्याला देतो. तिथे घराण्याचं नाव, ‘इंटि पेरु’, आधी येतं आणि माणसाचं मागून. पामुलपर्ती वेंकट नरसिंह राव यांच्या नावातलं पामुलपर्ती हे घराण्याचं. (ह. ना. आपट्यांची ‘पण लक्षात कोण घेतो’ तेलुगूत नेली ती याच माणसाने, हे पुण्यातल्या तुझ्या मित्रांना अवश्य सांग.) आपल्या भागात मराठी रीतीने घराण्याचं नाव शेवटी गेलं, पण जाताना तेलुगू मान सोबत घेऊन गेलं, आणि ‘कर’च्या शेजारी ‘वार’ येऊन बसलं. कुरुंदकरांतून ‘कर’ काढ म्हणावं कुणाला, नुसतं गाव उरेल. ‘वार’चंही तेच. प्रत्येक ‘वार’ तेलुगू असतो असं मात्र समजू नकोस. पवार हे परमारांवरून आलेलं, त्याचा याच्याशी संबंध नाही. आणि हे एका जातीचंही नाही. आर्य वैश्यांत आहे, पद्मशाल्यांत आहे, बेलदारांत आहे. मोंढ्यात मिरचीच्या आडतींच्या पाट्या ओळीने वाचत गेलं, तर एक पाटी ‘वार’ची, पुढची ‘कर’ची, तिसरी पाटलांची. मतदारयादीत गंगाधर आणि व्यंकटीच्या खाली पोशट्टी आणि साईलू. या गावचा इतिहास इथे लिहून ठेवलेला आहे.

तुझं म्हणणं असं, की आडनाव ऐकलं की पुण्यात विचारतात, तुम्ही मराठी की तेलुगू? विचारू देत. मारोतराव कन्नमवार 1962 साली महाराष्ट्राचे मुख्यमंत्री झाले, ते काय ‘वार’ गाळून? 1 नोव्हेंबर 1956 ला हैदराबाद राज्याची वाटणी झाली तेव्हा मुधोळ तालुक्यातली मुधोळ, भैंसा आणि कुबेर ही मंडळं तिकडे आंध्रात गेली, देगलूरमधली बिचकुंदा आणि जुक्कल गेली, आणि आदिलाबादचा किनवट तालुका इकडे आला. रेघ सरकली, माणसं होती तिथेच राहिली. एका घरातले लोक एका दिवसात दोन राज्यांचे झाले. त्या रेघेच्या दोन्ही अंगांना एकच आडनाव सापडतं, ही गोष्ट कुठल्याही नकाशापेक्षा जास्त खरं सांगते. आणि शेवटची अक्षरं कापल्याने काय होतं ते पाहायचं असेल तर तुर्कस्तानकडे बघ. तिथे 1934 साली आडनावाचा कायदा झाला. प्रत्येकाला आडनाव सक्तीचं झालं, मुस्तफा केमाल यांना अतातुर्क हे आडनाव मिळालं, आणि आर्मेनियन ‘यान’, ग्रीक ‘पुलोस’ अशा शेवटांना बंदी आली. आडनावाची शेपटी म्हणजे काय, हे त्या सरकारला पक्कं ठाऊक होतं. माणूस कुठल्या लोकांतला, ही खूण तिथे सरकारने हुकूम काढून पुसली. तुला तर कुणी हुकूम केलेला नाही.

यावर तू काय म्हणशील तेही ओळखून आहे. तमिळनाडूत लोकांनी जातीची उपपदं टाकली, 1929 साली चेंगलपट्टूच्या स्वाभिमान परिषदेने तसा ठरावच केला. त्यांना नावं ठेवाल का, असं विचारशील. मुळीच नाही. ते टाकणं समतेसाठी होतं, कारण उघड सांगून केलेलं होतं. तुझं कारण मात्र ‘लोक विचारतात’ एवढंच आहे, आणि ‘वार’ जात सांगतच नाही. म्यानमारमध्ये आडनावच नसतं, म्हणशील. ऊ थांट दहा वर्षं संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस होते, त्यांचं नाव एवढं एकच, ‘थांट’. पण तिथेही पुढचं ‘ऊ’ हे आदरवाचक लोकांनी सोडलं नाही, जगाने तर ते नावाचाच भाग केलं. आखूड नावालासुद्धा मानाचं एक अक्षर लागतं. आणि मुली लग्नानंतर आडनाव सोडतातच, हा सूनबाईंचा मुद्दा खरा आहे, मला तो टोचलाही. त्यांनी स्वतःचं माहेरचं आडनाव ठेवलं हे योग्यच केलं. पण म्हणूनच तर, जिने आपलं सोडलं नाही तिच्या लेकराच्या वाट्याला अर्धं का यावं?

नाव फार लांब होईल ही भीतीही सोड. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या लेकरांच्या नावापुढे राज्याच्या सरकारी कागदांवर आधी आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव लागतंच. चार शब्दांत दोन अक्षरांनी काय फरक पडणार? मला भीती वेगळीच आहे. तुझ्या दहावीच्या सनदेवर, आधारवर, पासपोर्टवर पूर्ण आडनाव आहे. लेकराच्या दाखल्यावर अर्धं आलं, तर शाळेत घालताना बापाचं आणि लेकाचं आडनाव जुळत नाही म्हणून प्रतिज्ञापत्रं, मग राजपत्र, मग पासपोर्टच्या खिडकीवर पुन्हा तेच. तू कामावर, सूनबाई कामावर, हे कोण करत बसणार? घाई अजिबात नाही. नावाशिवायही जन्माची नोंद होते, आणि वर्षाच्या आत नाव विनाशुल्क घालता येतं.

तेव्हा अर्ज अजून भरला नसेल तर थांब. भरला असेल तर महापालिकेत जाऊन दुरुस्तीचं आजच विचार, नोंदवहीत चढल्यावर फार त्रास होतो. बासरला सरस्वतीपुढे अण्णांनी तुझा हात धरून पाटीवर जे लिहून घेतलं ते आठव, आणि मग ठरव. नीलची सर्दी उतरली का? रात्री खिडकी उघडी ठेवता का तुम्ही अजून? उद्या सकाळी फोन कर, मी घरीच आहे.

तुझा
काका