चौथ्या सीटवरचे काका

शेलूला लोकल पकडायची नि सीएसएमटीपर्यंत जवळपास दोन तास सिग्नल अ‍ॅपवर गप्पा, हा माझा रोजचा उद्योग. मेसेज एन्क्रिप्टेड, वाटेत कुणाला वाचता येत नाहीत! पण चौथ्या सीटवरचे काका मान तिरकी करून सगळं वाचतात, त्यांचं काय? कुलूप वाटेला असतं, स्क्रीनला नाही.

भीमा-कोरेगाव प्रकरण आठवा. पुणे पोलिसांनी २०१८ मध्ये रोना विल्सन यांचा लॅपटॉप जप्त केला. त्याच्या डिस्कची हुबेहूब प्रत तपासून अमेरिकेच्या आर्सेनल कन्सल्टिंगने २०२१ मध्ये म्हटलं, मालवेअरने पत्रं आत पेरली. एनआयएने आक्षेप घेतला. पण तपासता आलं ते प्रतीमुळेच.

म्हणून लॅपटॉप रिपेअरला देण्याआधी मी डिस्कची इमेज काढतो, तिची हॅश व्हॅल्यू लिहून ठेवतो. एक अक्षर बदललं तरी हा आकडा बदलतो. तुम्ही काय करता, बॉस?