कालद्वाराची उंची

कल्पनेतल्या जगाला काळाचे दार बांधायचे झाले की ते हमखास अवाढव्य बांधले जाते. काळ्या पाषाणाचे दोन खांब, ढगांत शिरलेली कमान, अंगावर कुणालाच न लागणारी अक्षरे आणि मधल्या पोकळीत हेलकावणारा निळसर उजेड. कादंबरी असो, चित्रपट असो की पोरांच्या मोबाइलवरचा खेळ, दार लहान म्हणून नसतेच. शिवाय ते बांधणारे लोक केव्हाच नामशेष झालेले असतात. यातली पहिली गोष्ट मला निव्वळ हौस वाटते. दुसरीत मात्र लेखकांना, बहुधा नकळत, मर्म सापडले आहे.

भौतिकशास्त्रज्ञ किप थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1988 मध्ये अवकाशातल्या बोगद्याचे कालयंत्र कसे होऊ शकेल याचे गणित मांडले. तसे यंत्र कुणाला जमलेले नाही, जमेल याची खात्रीही नाही. पण त्या गणितातली एक अट स्वच्छ आहे. यंत्र तयार झाले त्या क्षणाच्या मागे त्यातून जाता येत नाही. म्हणजे आज खान्देशातल्या नरडाण्यात असे दार उभारले, तर त्यातून शिवकाळ गाठता यायचा नाही, आणि सुरतेकडून आलेले रूळ तापीच्या खोऱ्यात पहिल्यांदा पडले तो दिवसही नाही. शंभर वर्षांनी येणाऱ्याला फार तर आजच्या एमआयडीसीच्या फाटकापर्यंत पोहोचता येईल. दार मागच्यांनीच लावून ठेवलेले असावे लागते. ही अट एकदा मान्य केली की उंचीचे महत्त्व उरत नाही. दार लावणाऱ्याने आपल्या बाजूला काय ठेवले होते, एवढेच पाहायचे. असे एक दार खान्देशात आहे आणि त्याला कमान नाही.

चाळीसगावजवळ, सातमाळ्याच्या पायथ्याशी पाटणे आहे. पाटणादेवीमुळे लोकांना ते ठाऊक असते. तिथल्या शिलालेखाची माहिती 1865 मध्ये डॉ. भाऊ दाजी लाड यांनी अभ्यासकांपुढे आणली. लेख 1207 चा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी होता. आजोबांचा ‘सिद्धान्तशिरोमणी’ ग्रंथ शिकवला जावा म्हणून त्याने मठ काढला आणि निकुंभ घराण्यातल्या सोन्हदेवाने चंद्रग्रहणाच्या पर्वावर त्या मठाला दान दिले. वरचा बहुतेक भाग संस्कृतात आहे: वंशावळी, राजांची स्तुती, विद्वानांची स्तुती. शेवटी येते मराठी, आणि तिथे एकदम बाजार भरतो. विक्रीला उघडलेल्या मालावरचा राजाचा हिस्सा मठाला दिलेला आहे. आणि गावात जेवढे घाणे चालतील, त्या प्रत्येकामागे पळी पळी तेल.

ही पळी मला महत्त्वाची वाटते. वरची स्तुती कोणत्याही राजाला थोड्याफार फरकाने बसली असती. तेलाची पळी मात्र त्या गावाचीच. घाणे चालू होते, तेली होते, मठात तेल लागत होते (ग्रहगणित शिकणाऱ्यांना रात्री दिव्याचे काम पडतेच), आणि हा हिशेब सगळ्यांना कळावा म्हणून तो बोलीत कोरला. आठ शतकांहून जास्त काळ ओलांडून इकडे आलेली वस्तू म्हणजे ही एक पळी.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे: दगड वाचणे म्हणजे काळातून जाणे नव्हे, तिकडचा निरोप इकडे आला, माणूस तिकडे गेला कुठे? खरे आहे. पण कालप्रवासाच्या गोष्टीत माणूस तिकडे जाऊन करतो काय? बहुतेकदा पाहतो, आणि खुणेची एखादी वस्तू घेऊन परततो. जयंत नारळीकरांच्या कथेतल्या गंगाधरपंतांना वेगळ्याच इतिहासात जायला ट्रकची धडक पुरली. परतल्यावर त्यांच्याजवळ पुरावा होता तो पुस्तकातून फाटून आलेल्या एका पानाचा. कथेचा सगळा भार त्या पानावर आहे. धडक विसरली तरी चालते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. भव्यता नेहमीच पोकळ नसते. जयपूरचे सम्राट यंत्र सुमारे 27 मीटर उंच आहे आणि सवाई जयसिंहाने ते थाटासाठी तेवढे बांधले नाही. यंत्र जितके मोठे तितकी सावली झरझर सरकते, आणि त्यावर दोन सेकंदांपर्यंतची वेळ वाचता येते. हे मान्यच करायला हवे. पण तिथे उंची बारीक खुणांच्या चाकरीत आहे. खुणा पुसल्या तर राहील तो नुसता जिना. खुद्द भास्कराचार्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’च्या यंत्राध्यायात कितीतरी यंत्रे वर्णिली आणि त्या सगळ्यांत धीयंत्राला मान दिला. ते म्हणजे हातातली साधी काठी आणि ती धरणाऱ्याची बुद्धी.

आपल्याकडे कमानींचा तुटवडा नाही. मुंबई-आग्रा रस्त्यावरून जाताना फाट्याफाट्याला सिमेंटच्या स्वागतकमानी दिसतात. वर गावाचे नाव, खाली कुणाच्या तरी स्मरणार्थ, बाजूला निधी देणाऱ्यांची नावे आणि उद्घाटनाची तारीख. या कमानींची टवाळी करायला सोपी, पण मी करणार नाही. फाट्यावर उतरणाऱ्याला त्यांचा आधार असतो, आणि नावे कोरून घेण्याची हौस निकुंभांनाही होतीच. फरक एवढाच की पाटण्याच्या लेखात स्तुती संपल्यावर हिशेब सुरू होतो, आणि आपल्या कमानीवर नावे संपली की मजकूरच संपतो.

यावर कुणी म्हणेल की आजचे भाव, मजुरी, पाऊस सगळे संगणकात नोंदलेले आहे, दगडावर कशाला? असेल नोंदलेले. पण ते वाचायला त्या काळचे यंत्र, वीज आणि परवलीचा शब्द चालू राहावा लागेल. पाटण्याच्या लेखाला उजेड आणि लिपी जाणणारा माणूस पुरला. म्हणून नरडाण्याच्या फाट्यावर पुढची कमान उभी राहील तेव्हा वरची पट्टी खुशाल पुढाऱ्यांना द्यावी. डाव्या खांबावर, हात पोहोचेल एवढ्या उंचीवर, त्या वर्षीचा कापसाचा क्विंटलचा भाव, शेतमजुराची रोजी, धुळ्याचे एसटी भाडे आणि नळाला किती दिवसांआड पाणी येते ते कोरावे. चार ओळींचे काम आहे, गवंड्याला अर्धा दिवस पुरेल.