धाकटे प्रतिपिंड

जीवशास्त्राच्या परिभाषेत गेल्या पंचवीस वर्षांत जे शब्द रुळले, त्यांत ‘नॅनोबॉडी’ हा शब्द मला सर्वांत चमत्कारिक वाटतो. तो उच्चारायला सोपा आहे, कानाला बरा लागतो, आणि त्याचा पदच्छेद करू गेल्यास हाती जवळजवळ काहीच येत नाही. ‘नॅनो’चे मूळ ग्रीक; अर्थ खुजा, बुटका. ‘बॉडी’ म्हणजे शरीर. पण ज्या वस्तूला हे नाव आहे ती शरीर नव्हे. शरीरात शिरलेल्या परक्या द्रव्याला जाऊन चिकटणारे जे प्रथिन आपल्या रक्तात असते, त्याचा तो एक लहानसा अंश आहे; आणि याची गंधवार्ताही त्या नावात नाही.

हे कसे झाले ते पाहायचे तर शंभर-सव्वाशे वर्षे मागे जावे लागते. १८९० साली बर्लिनमध्ये एमिल फॉन बेरिंग आणि किटासाटो यांनी घटसर्प व धनुर्वात यांच्या विषाला निष्प्रभ करणारे काहीतरी रक्तद्रवात असते, हे दाखवून दिले. पुढच्याच वर्षी पाउल एर्लिख यांच्या लेखनात त्याच्यासाठी ‘अँटिक्योर्पर’ हा जर्मन शब्द आला. ‘क्योर्पर’ म्हणजे शरीर हे खरे. पण तेथे त्याचा अर्थ ‘पदार्थ’, ‘वस्तू’ इतकाच मोघम होता. ती वस्तू कशी आहे, कशाची आहे, हे कोणालाच ठाऊक नव्हते. ती विरोध करते, एवढेच ठाऊक होते. म्हणजे शब्दाचा सारा जीव ‘अँटि’ या उपसर्गात होता, आणि ‘बॉडी’ हे नुसते खुंटाळे होते. शतकानंतर नवा शब्द घडवणाऱ्यांनी नेमका तो उपसर्ग गाळला आणि खुंटाळे ठेवून घेतले. ‘प्रतिकारा’तला ‘प्रति’ काढून टाकावा आणि ‘कार’ तेवढा ठेवावा, तसे.

गंमत अशी की, ज्या रेणूला हे नाव मिळाले तोही असाच काही गाळून उरलेला आहे. माणसाच्या रक्तातले नेहमीचे प्रतिपिंड इंग्रजी ‘वाय’ अक्षराच्या आकाराचे असते. त्यात दोन जड साखळ्या आणि दोन हलक्या साखळ्या असतात, आणि परक्या द्रव्याला पकडण्याचे काम जड व हलकी अशा दोन साखळ्यांची टोके मिळून करतात. प्रतिपिंड म्हटले की ही जोडी आलीच, असे सारी पाठ्यपुस्तके सांगत होती. १९८०च्या दशकाच्या अखेरीस ब्रुसेल्सच्या फ्लेमिश मुक्त विद्यापीठात रेमंड हामर्स यांच्या विद्यार्थ्यांना प्रतिपिंडे वेगळी काढण्याचा सराव करायचा होता. सांगितली जाते ती हकीगत अशी की, एड्सच्या धास्तीमुळे माणसाचे रक्त हाताळायला मुले राजी नव्हती, आणि त्यासाठी उंदीर मारणेही त्यांना नको होते. शीतपेटीत एका उंटाचा रक्तद्रव पडून होता. निद्रारोगाच्या संशोधनासाठी तो आणलेला. तोच घेतला. त्यात नेहमीच्या प्रतिपिंडांबरोबर आणखी काही लहान प्रतिपिंडे दिसली, आणि त्यांना हलक्या साखळ्या नव्हत्याच. नमुना बिघडला असेल अशी शंका प्रथम येणारच. ती फिटल्यावर १९९३ साली ‘नेचर’मध्ये तो शोध प्रसिद्ध झाला. एक वशिंडाचा उंट, दोन वशिंडांचा उंट, दक्षिण अमेरिकेतले लामा आणि अल्पाका, या सगळ्या कुळाच्या रक्तात निसर्गाने ही एकसाखळी प्रतिपिंडे ठेवली आहेत. शार्क माशांतही तशीच एक तऱ्हा आढळते. पण ती वेगळ्या वाटेने आलेली.

मराठीत उंटाच्या वाट्याला फारसा मान आलेला नाही. आपण उंटावरून शेळ्या हाकतो, आणि उंटावरचा शहाणा रांजणात तोंड अडकलेल्या जनावराची मान कापायचा सल्ला देतो. शहाणपण असलेच तर ते उंटाच्या पाठीवर बसलेल्याकडे, आणि तेही खोटे! खुद्द उंटाच्या रक्तात काही हुशारी असेल असे आपल्या म्हणींना कधी सुचले नाही.

या एकसाखळी प्रतिपिंडाचे पकडणारे टोक तेवढे वेगळे केले तरी ते एकटे काम करते, हीच नॅनोबॉडी. नेहमीच्या प्रतिपिंडाचे वजन दीड लाख डाल्टनच्या आसपास असते, तर हिचे सुमारे पंधरा हजार. लांबी चार नॅनोमीटर, रुंदी अडीच. येथे एक तक्रार नोंदवली पाहिजे. नॅनोमीटर म्हणजे मीटरचा अब्जावा भाग. पण नेहमीचे थोरले प्रतिपिंडही नॅनोमीटरनेच मोजतात, ते दहा-पंधरा भरते इतकेच. मग धाकटीलाच ‘नॅनो’ का म्हणावे? शास्त्रीय काटेकोरपणा येथे नाही. नवे शतक उजाडताना ‘नॅनो’ हा उपसर्ग बाजारात तेजीत होता, हे कारण मला अधिक पटते.

बाजार हा शब्द मी सहज वापरलेला नाही. २००१ साली बेल्जियममधल्याच गेंट येथे अब्लिंक्स ही कंपनी निघाली आणि ‘नॅनोबॉडी’ हे नाव तिने व्यापारचिन्ह म्हणून नोंदवून घेतले. २०१८ साली सनोफीने ३.९ अब्ज युरो मोजून ती कंपनी घेतली, आणि तिच्याबरोबर शब्दही घेतला. त्याच वर्षी या प्रकारच्या कॅप्लासिझुमॅब या पहिल्या औषधाला युरोपात मान्यता मिळाली. रक्ताच्या बारीक गुठळ्या होऊन जीव धोक्यात आणणाऱ्या एका विरळा आजारावरचे ते औषध आहे. तोवर शास्त्रज्ञ मात्र हा शब्द सर्रास वापरू लागले होते. पेशीवरच्या ग्राहकांच्या ज्या अभ्यासासाठी २०१२ चे रसायनशास्त्राचे नोबेल दिले गेले, त्यातला एक अवघड ग्राहक कार्यरत स्थितीत स्थिर धरून ठेवायला नॅनोबॉडीच कामी आली होती, आणि २०११ च्या त्या निबंधाच्या शीर्षकातच हा शब्द आहे. २०२० साली करोनाच्या विषाणूला अडवणारी नॅनोबॉडी एका लामाच्या रक्तातून मिळाली, तेव्हा तो जगभरच्या वृत्तपत्रांत गेला.

तेव्हा एकाच शब्दाचे दोन मालक झाले. इंग्रजीत यावर एक तोडगा आहे. पहिले अक्षर मोठे काढले की ती कंपनीची नॅनोबॉडी. लहान काढले की कोणाचीही. ज्यांना या भानगडीत पडायचे नसते ते ‘एकक्षेत्री प्रतिपिंड’ अशा अर्थाचा लांबलचक शब्द लिहितात, किंवा ‘व्हीएचएच’ ही आद्याक्षरे. एवढा मोठा मालकी हक्क एका अक्षराच्या उंचीवर तोललेला आहे. आणि आपल्या देवनागरीत लहानमोठी अक्षरेच नाहीत! ‘नॅनोबॉडी’ असे मराठीत लिहिले की ती कोणाची, हे सांगण्याची सोय संपली. व्यापारचिन्हांशी आपल्या भाषेचे वागणे पहिल्यापासून असेच मोकळेढाकळे आहे. वनस्पती तुपाला आपण डालडा म्हटले, प्रत काढण्याला झेरॉक्स म्हटले, आणि कितीतरी घरांत कोणतीही दंतमलमाची नळी ही कोलगेटच असते. बायरने १८९९ साली नोंदवलेले ‘अ‍ॅस्पिरिन’ हे नाव अमेरिकेत सर्वांचे झाले, पण तेथे त्यासाठी १९२१ साली न्यायालयाचा निकाल लागला. आपल्याकडे असे काम कोर्टाची पायरी न चढता किराणा दुकानातच उरकते.

हा सगळा काथ्याकूट मी केला नसता; परंतु माझा व्यवसाय भाषांतराचा आहे. नव्या औषधांच्या चाचण्यांत जे रुग्ण भाग घेतात, त्यांच्यासाठीची संमतिपत्रे मी मराठीत आणतो. रुग्णाने ती वाचायची किंवा ऐकायची, आणि समजली असतील तर सही अथवा अंगठा द्यायचा. काही वर्षांपूर्वी अशाच एका पत्रात हा शब्द आला.

माझ्यापुढे पहिला शब्द होता ‘लघुप्रतिपिंड’. ‘प्रतिपिंड’ हा शब्द मराठीत चांगला रुजलेला आहे. शाळेच्या पुस्तकांत आहे, विश्वकोशात आहे. मला तो आवडतोही. ‘प्रति’ म्हणजे केवळ विरुद्ध नव्हे. प्रतिवादी विरुद्ध असतो, पण प्रतिपंढरपूर पंढरपुराच्या विरुद्ध नसते, ते त्याच्या तोडीचे असते. आणि साताऱ्याच्या प्रतिसरकारात तर दोन्ही अर्थ एकवटले होते. प्रतिपिंडाचेही तसेच. ज्याला ते अडवते त्याच्या आकाराला जुळणारे, साच्यासारखे ते असते. एर्लिखच्या जर्मन शब्दापेक्षा आपला शब्द येथे काकणभर सरस आहे, असे माझे मत आहे.

पण संमतिपत्राचा मसुदा पाठवण्यापूर्वी तो एखाद्या सामान्य वाचकाला वाचून दाखवण्याची माझी पद्धत आहे. शेजारच्या काकू सातवी शिकलेल्या, वाचनाची गोडी असलेल्या. वर्षभरापूर्वी काका गेले होते. त्यांनी दुसऱ्या परिच्छेदाशीच मला थांबवले.

“भाऊ, दवाखान्याच्या कागदावर पिंड कशाला?”

मी म्हणालो, “काकू, तो पिंड नव्हे. प्रतिपिंड.”

“तेच ते. आजारी माणसाला वाचून दाखवणार ना तुम्ही हे?”

पिंड या शब्दाचे आपल्या भाषेत किती संसार आहेत! महादेवाची ती पिंड, कवीचा तो पिंड, आणि दर्भावर ठेवून कावळ्याची वाट पाहतात तोही पिंड. परिभाषाकारांनी यांतला एकही मनात धरलेला नव्हता. पण काकूंनी वर्षापूर्वी घाटावर जो पाहिला होता, तोच त्यांना ऐकू आला. कोशात शब्दाला क्रमांकवार अर्थ देतात; रुग्णालयाच्या खाटेवर त्यांचा क्रम निराळा लागतो.

मग ‘नॅनोबॉडी’च ठेवावे का, असे मी विचारले. नॅनो त्यांना ठाऊक होते. टाटांची ती छोटी गाडी २०१८ नंतर निघेनाशी झाली, तरी शब्द मागे ठेवून गेली आहे; नॅनो म्हणजे लहान आणि स्वस्त. ‘बॉडी’ म्हटल्यावर मात्र त्या गप्प झाल्या, आणि मला कारण विचारावे लागले नाही. मराठी माणूस तालमीत बॉडी कमावतो. पण रुग्णालयात बॉडी ताब्यात घेतात.

“आणि लहान म्हणजे हे कमी लागू पडतं का हो?” त्यांनी नंतर विचारले.

त्या संमतिपत्रावर आलेल्या प्रश्नांत हा सर्वांत चांगला प्रश्न होता. लहानपणाचे फायदे खरे आहेत. थोरले प्रतिपिंड जेथे पोहोचत नाही अशा सांदीकोपऱ्यांत हे शिरते, उष्णतेने सहजासहजी बिघडत नाही, आणि जिवाणूंकडून किंवा यीस्टकडून करवून घेता येते. पण इतका लहान रेणू मूत्रपिंडांच्या गाळणीतून भराभर निघूनही जातो. म्हणून त्याला रक्तात टिकवायचे तर बहुधा दुसऱ्या कशाशी तरी जोडावे लागते, किंवा औषध वरचेवर द्यावे लागते. मूळ इंग्रजी मसुद्यात फायदे एका परिच्छेदात होते, आणि दुसरी बाजू सातव्या पानावर अर्ध्या ओळीत. ती अर्धी ओळ वर आणावी असे मी कळवले. उत्तर आले की भाषांतरकाराने मजकुराचा क्रम बदलू नये. कंपनीचे नाव येथे सांगण्याचे कारण नाही. त्या व्यवसायात हे उत्तर सगळीकडे एकच असते.

‘लघुप्रतिपिंड’ही परतले, आणि निराळ्या कारणाने. मराठी मजकूर दुसऱ्या भाषांतरकाराकडून पुन्हा इंग्रजीत करवून मुळाशी ताडून पाहतात. त्यात ‘लघु’चा अर्थ ‘दुय्यम’ असा परतून आला, आणि आपल्या उत्पादनाला दुय्यम म्हटलेले त्यांना चालणार नव्हते. ‘सूक्ष्म’ मला नको होते, कारण थोरलेही सूक्ष्मच. ‘धाकटे प्रतिपिंड’ हे मला मनापासून हवे होते, पण ते सुचवण्याचे धाडस मी केले नाही. ते मी येथे शीर्षकासाठी वापरून घेतले आहे.

अखेर नावाच्या आधी वर्णन द्यायचे ठरले: “उंटाच्या कुळातील प्राण्यांच्या रक्तात, आजाराशी लढणारे एक विशेष प्रथिन असते. हे औषध त्या प्रथिनाच्या एका लहान भागाच्या धर्तीवर तयार केले आहे.” आणि त्यानंतर एकदाच, कंपनीच्या आग्रहाखातर, ‘नॅनोबॉडी’; शेजारी वर्तुळातला इंग्रजी ‘आर’, अनुस्वार चुकून पलीकडे पडावा तसा. काकूंना मी ते वाचून दाखवले. बराच वेळ त्यांनी कागद हातात धरून ठेवला.

“म्हणजे माणसाला उंटाचं रक्त देणार?”

तेव्हा आणखी एक वाक्य घालावे लागले: “हे औषध प्रयोगशाळेत जिवाणूंच्या साहाय्याने तयार केले जाते, त्यात कोणत्याही प्राण्याचे रक्त नसते.” ते मुळात नव्हते. कंपनीची लेखी संमती आणि एथिक्स कमिटीची मान्यता येईपर्यंत तीन आठवडे गेले, पण ते वाक्य राहिले.